जुनी बोट नावावर करून घेताय? आधी हलवरचा नंबर वाचा, मग कागद, आणि पैसे सगळ्यात शेवटी

अमेरिकेत सेकंडहँड बोट घेणारी आपली मंडळी एक गोष्ट हमखास उलटी करतात. आधी बोट आवडते, मग तळ्यावर एक चक्कर, मग पैसे, मग टायटल (मालकीचा सरकारी कागद) हातात, आणि हलवरचा, म्हणजे बोटीच्या मुख्य अंगावरचा, नंबर नीट बघायची वेळ येते ती थेट डीएमव्हीच्या, म्हणजे वाहन नोंदणी ऑफिसच्या, खिडकीवर. तिथे कळतं की टायटलवर एक अक्षर कमी आहे किंवा पाचाच्या जागी एस आहे, आणि ते दुरुस्त करायचं तर विकणाऱ्यानेच करायला पाहिजे. विकणारा तोपर्यंत फ्लोरिडाला शिफ्ट झालेला असतो नाहीतर फोन उचलत नाही. मग बोट अंगणात ताडपत्रीखाली आणि उन्हाळा संपला.

म्हणून खाली दिलेला क्रम पाळा. यात अवघड काहीच नाही, एका दुपारचं काम आहे, फक्त क्रम बदलायचा नाही. हलवरच्या नंबरचे नियम फेडरल आहेत म्हणजे देशभर सारखेच, पण टायटल आणि रजिस्ट्रेशनचे नियम राज्याराज्यात बदलतात, त्यामुळे जिथे राज्याचा संबंध येतो तिथे तुमच्या राज्याची वेबसाइट उघडून बघायचीच.

आधी हा गोंधळ मिटवा: नंबर एक नसतो

बोट, मोटर आणि ट्रेलर मिळून बरेच नंबर असतात आणि लोक त्यांची सरमिसळ करतात.

पुढच्या बाजूला दोन्हीकडे मोठ्या अक्षरात असतो तो रजिस्ट्रेशन नंबर, उदाहरणार्थ न्यू जर्सीत एनजेने सुरू होणारा, कॅलिफोर्नियात सीएफने, फ्लोरिडात एफएलने. तो राज्याने दिलेला असतो, बोट दुसऱ्या राज्यात गेली की बदलतो आणि कुणीही दुकानातून स्टिकर आणून चिकटवू शकतो. बोटीची ओळख म्हणून त्याच्यावर विसंबायचं नाही.

खरी ओळख म्हणजे हल आयडेंटिफिकेशन नंबर, सगळे एचआयएन म्हणतात. हा बनवणाऱ्या कंपनीने हलवरच टाकलेला असतो, १२ अक्षरांचा. हा लेख मुख्यतः त्याच्याबद्दल आहे.

तिसरा नंबर आउटबोर्ड (बोटीच्या मागे बाहेरून लावलेल्या) मोटरचा सीरियल नंबर, चौथा ट्रेलरचा व्हीआयएन, म्हणजे गाड्यांना असतो तसा ओळख नंबर. आणि बोट मोठी असेल, पाच नेट टन किंवा जास्त, तर ती कोस्ट गार्डकडे डॉक्युमेंटेड, म्हणजे थेट तिथे नोंदवलेली, असू शकते, मग तिला एक ऑफिशियल नंबर वेगळाच असतो. तो बाहेर नाही, आत असतो, बोटीच्या आतल्या एखाद्या मुख्य भागावर कमीत कमी तीन इंच उंचीच्या आकड्यांत कायमचा कोरलेला किंवा बसवलेला.

थांबा: विकणाऱ्याला मेसेज करून "बोटीचा नंबर पाठवा" म्हणालात तर दहापैकी नऊ जण पुढचा रजिस्ट्रेशन नंबर पाठवतात. एचआयएन असं स्पष्ट म्हणा आणि फोटोच मागा, टाइप केलेला नंबर नको.

टप्पा १: घरून निघायच्या आधी

विकणाऱ्याकडून तीन फोटो आधीच मागून घ्या: ट्रान्समवरच्या (बोटीच्या मागच्या उभ्या बाजूवरच्या) एचआयएनचा, टायटलच्या पुढच्या बाजूचा आणि रजिस्ट्रेशन कार्डाचा. टायटल द्यायला कुणी कां कू करत असेल, "बँकेत आहे", "बायकोकडे आहे", "हरवलंय पण नवीन मागवलंय" वगैरे, तर जायचं नाही असं नाही, पण पैसे बरोबर न्यायचे नाहीत. टायटल हरवलं असेल तर डुप्लिकेट त्यानेच, त्याच्या नावावर, आधी काढायचं. "तुम्ही घेतल्यावर तुम्हीच काढा" हे ऐकायचं नाही.

बरोबर न्यायच्या गोष्टी साध्या आहेत. चांगला टॉर्च, मऊ कापड, पाण्याची बाटली आणि थोडा भांडी घासायचा साबण, पातळ पांढरा कागद, मऊ पेन्सिल, मास्किंग टेप, एक छोटा आरसा, मोजपट्टी. आरसा कशाला असं वाटेल, पण स्विम प्लॅटफॉर्मखाली (पाण्यात उतरायला मागे लावलेल्या फळीखाली) डोकं घालून बघितलं की कळेल.

तुमच्या राज्यात बोटीला टायटल लागतं का तेही आधीच बघा, कारण सगळीकडे सारखं नाही. न्यू जर्सीत १२ फुटांपेक्षा लांब बोटीला टायटल लागतं. न्यूयॉर्कमध्ये १४ फूट किंवा मोठी आणि १९८७ किंवा नंतरच्या मॉडेलची असेल तर लागतं. टेक्सासमध्ये हे काम डीएमव्हीकडे नसून पार्क्स अँड वाइल्डलाइफ खात्याकडे आहे आणि तिथे आउटबोर्ड मोटरला सुद्धा वेगळं टायटल असतं, हे न कळल्यामुळे बोट नावावर झाली आणि मोटर जुन्या मालकाच्याच नावावर राहिली असं होतं. मिशिगनमध्ये सेक्रेटरी ऑफ स्टेटचं ऑफिस, फ्लोरिडात काउंटीचा टॅक्स कलेक्टर. म्हणजे कुठल्या खिडकीवर उभं राहायचंय हे आधी ठरवा.

टप्पा २: नंबर शोधायचा कुठे

ट्रान्सम म्हणजे बोटीची मागची उभी बाजू जिथे मोटर लागते. बोटीच्या मागे उभं राहून ट्रान्समकडे तोंड केलं की तुमच्या उजव्या हाताला जी बाजू येते ती स्टारबोर्ड. एचआयएन तिथे, वरच्या कडेपासून किंवा हल आणि डेक जोडतात त्या सांध्यापासून दोन इंचांच्या आत असायला पाहिजे, यातली जी कड सगळ्यात खाली असेल तिच्यापासून मोजायचं. अक्षरांची उंची कमीत कमी पाव इंच.

ट्रान्सम नसलेली बोट, म्हणजे दोन्ही टोकं निमुळती असलेली कॅनू वगैरे, तिच्यावर उजव्या बाजूलाच पण मागच्या टोकापासून एक फुटाच्या आत. पाँटून बोटीवर, जिचे ते लांब नळे सुटे बदलता येतात, तिच्यावर मागच्या आडव्या बीमवर, उजवा नळा जिथे जोडलाय त्याच्या एक फुटाच्या आत. पाँटून घेणारे बरेच जण नळ्यावर शोधत बसतात आणि "नंबरच नाही" म्हणून घाबरतात.

कयाकला पण एचआयएन असतो बरं का. तिच्यावर ट्रोलिंग मोटर (छोटी विजेची मोटर) बसवायचा विचार असेल तर बहुतेक राज्यांत रजिस्ट्रेशन लागतं, आणि मग तोच नंबर विचारतात.

नंबर जागेवर दिसत नसेल तर लगेच संशय घेऊ नका. नंतर बसवलेला स्विम प्लॅटफॉर्म, शिडी, ट्रिम टॅब, रब रेल यांच्याखाली तो दबलेला असतो, किंवा ट्रान्समला नवा रंग मारताना भरून गेलेला असतो. नियमच असा आहे की रेलिंग किंवा फिटिंगमुळे नंबर झाकला जाणार असेल तर शक्य तेवढ्या जवळ टाकायचा, त्यामुळे आसपास एक फूटभर नीट बघा.

टप्पा ३: नंबर उतरवून घ्या, आणि टायटल खिशातच ठेवा

सगळ्यात जास्त चुका इथे होतात. लोक टायटल हातात धरून हलवरचा नंबर "टिक टिक" करत जातात आणि डोळा जे अपेक्षित आहे तेच वाचतो. टायटलवर बी आहे म्हणून हलवरचा ८ सुद्धा बी दिसतो. त्यामुळे टायटल न बघता, फक्त हलवरून, नंबर कागदावर उतरवायचा. बरोबर कुणी असेल तर त्यालाही स्वतंत्रपणे उतरवायला सांगा आणि मग दोघांचे कागद शेजारी ठेवा.

साबण-पाण्याने जागा पुसून घ्या. सँडपेपर नाही, ॲसिटोन नाही, चाकूने खरवडणं तर अजिबात नाही. घासून अक्षर बिघडलं तर उद्या अधिकाऱ्याला तेच छेडछाड केल्यासारखं दिसणार आणि समजावत बसणार कोण.

टॉर्च समोरून मारू नका, बाजूने, हलला जवळजवळ चिकटवून धरा म्हणजे खोदलेल्या अक्षरांची सावली पडते आणि झिजलेला आकडा पण दिसतो. दोन-तीन कोनांतून फोटो घ्या, एक जवळचा, आणि एक लांबून घ्या ज्यात नंबर आणि अख्खा ट्रान्सम दिसेल, कारण नुसता जवळचा फोटो कुठल्याही बोटीचा असू शकतो. मग कागद टेपने चिकटवून वरून पेन्सिल आडवी घासा, लहानपणी नाण्यावर कागद ठेवून छाप उठवायचो तसं. हा छाप पुढे टायटल दुरुस्तीची वेळ आली तर कामाला येतो.

गोंधळ घालणाऱ्या जोड्या ठरलेल्या आहेत: एस आणि ५, बी आणि ८, झेड आणि २, जी आणि ६, डी आणि ०, यू आणि व्ही. आणि एक महत्त्वाचा नियम: चौथ्या ते आठव्या जागेपर्यंतच्या सीरियलमध्ये इंग्रजी आय, ओ आणि क्यू वापरायला परवानगीच नाही. म्हणजे तिथे गोल दिसला तर तो शून्य किंवा फार तर डी, ओ नाही. उभी रेघ दिसली तर १. पण नवव्या जागेवर आय चालतो, तिथे तो सप्टेंबर महिना असतो, आणि नेमका तोच लोक १ म्हणून लिहितात.

तपासा: १२ अक्षरं आहेत का, मोजा. सुरुवातीला यूएस आणि एक आडवी रेघ असेल तर ती देशाचा कोड आहे, १२ मध्ये धरायची नाही. युरोपात बनलेल्या बोटीवर एफआर, आयटी असा त्या देशाचा कोड दिसेल, त्याचंही तसंच.

टप्पा ४: नंबर फोडून वाचा

आता घरी जायची गरज नाही, बोटीशेजारीच हे होतं.

समजा नंबर आहे एबीसी१२३४५एच३२४. पहिली तीन अक्षरं कंपनीचा कोड, त्याला एमआयसी म्हणतात आणि तो कोस्ट गार्ड देतं. सी रे बोटींवर एसईआर दिसतं, बॉस्टन व्हेलरवर बीडब्ल्यूसी. पुढचे पाच सीरियल. नववं अक्षर बनवल्याचा महिना, ए म्हणजे जानेवारी ते एल म्हणजे डिसेंबर, इथे एच म्हणजे ऑगस्ट. दहावा आकडा त्या वर्षाचा शेवटचा आकडा, इथे ३ म्हणजे २०२३. शेवटचे दोन मॉडेल वर्ष, २४ म्हणजे २०२४. म्हणजे ऑगस्ट २०२३ मध्ये बनलेली, २०२४ चं मॉडेल म्हणून विकलेली बोट. अगदी नॉर्मल आहे, कंपन्या पुढच्या वर्षाचं मॉडेल उन्हाळ्यातच काढायला लागतात.

हा फॉरमॅट ऑगस्ट १९८४ पासूनचा. त्याआधीच्या बोटींवर, म्हणजे १ नोव्हेंबर १९७२ ला एचआयएन सक्तीचा झाला तेव्हापासून ८४ पर्यंत, दोन प्रकार चालायचे. एकात शेवटचे चारही आकडे, महिना आणि वर्ष सरळ, ०६७८ म्हणजे जून १९७८. दुसऱ्यात नवव्या जागेवर एम, मग मॉडेल वर्ष, मग महिन्याचं अक्षर, उदाहरणार्थ एम७८ए. आणि यात ए म्हणजे जानेवारी नाही! ए म्हणजे ऑगस्ट, कारण मॉडेल वर्ष ऑगस्टला सुरू धरायचे. म्हणजे एम७८ए ही बोट ऑगस्ट १९७७ ची. इंटरनेटवरच्या फुकट डीकोडरमध्ये इथे घोळ होतो, म्हणून हाताने पण करून बघा.

ओळखायला सोपं आहे. नवव्या जागेवर एम दिसला की जुना फॉरमॅट, कारण नव्या पद्धतीत महिने एलवरच संपतात, एम येऊच शकत नाही. शेवटी चार आकडे असतील तरी जुनाच.

मग कोस्ट गार्डच्या बोटिंग सेफ्टीच्या साइटवर जाऊन पहिली तीन अक्षरं टाका. कंपनीचं नाव येईल, आणि बऱ्याचदा ती कधी सुरू झाली कधी बंद झाली तेही. या तारखा बघणं आवश्यक आहे कारण बंद पडलेल्या कंपनीचा कोड नंतर दुसऱ्या कंपनीला देतात. म्हणजे एकाच कोडवर दोन-तीन नावं आली तर घाबरू नका, तुमच्या बोटीच्या वर्षाला कोण होतं ते धरा.

तपासा, आणि यातलं एक जरी बसलं नाही तरी विकणाऱ्याला विचारा:

- कंपनीचं नाव हलवरच्या लोगोशी जुळतं का
- बनवल्याचं वर्ष आणि मॉडेल वर्ष जवळजवळ आहेत का. दहावा आकडा ९ आणि मॉडेल १२ असं असेल तर काहीतरी गडबड, किंवा तुम्ही चुकीचं वाचलंय
- जाहिरातीत दिलेलं वर्ष नंबरमधल्या वर्षाशी जुळतं का

तिसऱ्या मुद्द्यावर भांडण फार होतात. २०१९ ची म्हणून जाहिरात आणि नंबर म्हणतो १६. कधी कधी विकणाऱ्याने बोट २०१९ मध्ये घेतलेली असते आणि त्याला खरंच तसं वाटत असतं, पण किंमत मात्र नंबरप्रमाणेच ठरवा. आणि टायटलवर कुठलं वर्ष लिहिलंय ते वेगळं बघा, इन्शुरन्सवाले तेच धरतात.

तिसरं अक्षर झेड आणि पहिली दोन राज्याची असतील, जसं एनजेझेड किंवा एफएलझेड, तर तो नंबर कंपनीने नाही, राज्याने दिलेला आहे. घरी बनवलेली बोट, फार जुनी बोट किंवा मूळ नंबर गेलेली बोट असते तेव्हा असं होतं. यात बेकायदेशीर काही नाही. पण तो का दिला गेला याचा कागद मागा. एखाद्या नामांकित कंपनीच्या अलीकडच्या बोटीवर झेडचा नंबर असेल तर मूळ नंबरचं काय झालं हा प्रश्न सरळ तोंडावर विचारायचा.

टप्पा ५: छेडछाड आणि लपवलेला दुसरा नंबर

नियमाप्रमाणे नंबर कोरलेला, ठोकलेला, साच्यातच आलेला किंवा अशा प्रकारे बसवलेला पाहिजे की बदलला तर कळेल. वेगळी प्लेट असेल तर ती काढताना आजूबाजूचा हल खराब झालाच पाहिजे अशी बसवायची असते. त्यामुळे बोटाने चाचपून बघा. प्लेट हलतेय, रिव्हेट दोन वेगळ्या प्रकारचे आहेत, साधे स्क्रू आहेत, प्लेटभोवती जेलकोटचा (फायबरग्लासवरच्या चकचकीत थराचा) रंग थोडा वेगळा आहे, एखादा आकडा बाकीच्यांपेक्षा खोल किंवा तिरका आहे, अशा गोष्टी शोधायच्या. छापील स्टिकरवर नुसता नंबर असेल आणि नख लावल्यावर निघत असेल तर तिथेच थांबा.

१ ऑगस्ट १९८४ नंतरच्या बोटींवर तोच नंबर दुसऱ्या ठिकाणीही असतो, आत कुठेतरी उघड न दिसणाऱ्या जागी किंवा एखाद्या फिटिंगच्या खाली. जागा कंपनी सांगत नाही, मुद्दामच. तुम्ही बोटीचं हार्डवेअर उचकटत बसायचं नाही, ती तुमची नाही अजून. पण हॅच, लॉकर, ट्रान्समची आतली बाजू उघडी असेल तर टॉर्च मारून बघा, सापडला तर उत्तमच, आणि तो बाहेरच्याशी जुळला नाही तर सौदा संपला. संशय असेल पण सापडत नसेल तर पोलिसांचं मरीन युनिट कंपनीकडून जागा विचारून घेऊ शकतं, आपण नाही.

थांबा: नंबर पुसट आहे म्हणून विकणारा "मी ठळक करून देतो" म्हणाला तर नको म्हणा. एचआयएन काढणं किंवा बदलणं कोस्ट गार्डच्या परवानगीशिवाय करता येत नाही, आणि बऱ्याच राज्यांत नंबर खोडलेली बोट नुसती जवळ ठेवणं हाही गुन्हा आहे. हेतू चांगला होता हे तिथे कुणी विचारत नाही.

टप्पा ६: आता कागद काढा

तुमचा हाताने उतरवलेला नंबर मधे ठेवा आणि त्याच्याशी एकेक कागद जुळवा. कागद कागदाशी जुळवू नका. टायटल आणि रजिस्ट्रेशन एकमेकांशी जुळणारच, दोन्ही एकाच कॉम्प्युटरमधून आलेत, चूक असली तरी दोन्हीकडे तीच असणार. प्रश्न आहे ते हलशी जुळतात का.

क्रम: टायटल, रजिस्ट्रेशन कार्ड, विकणाऱ्याचं फोटो आयडी, कर्ज फिटल्याचं पत्र असेल तर ते, मग मोटरचा सीरियल आणि ट्रेलरचा व्हीआयएन त्यांच्या कागदांशी. मोटरचा नंबर साधारण ट्रान्समला धरणाऱ्या ब्रॅकेटवरच्या प्लेटवर असतो. १९८१ नंतरच्या कंपनीच्या ट्रेलरवर १७ अक्षरी व्हीआयएन असायला पाहिजे, तो पुढच्या दांड्याजवळ सापडतो. ट्रेलर हा वेगळा व्यवहार आहे हे विसरू नका, त्याचं टायटल किंवा रजिस्ट्रेशन आणि त्याचं बिल वेगळं लागतं.

टायटलवर नंबर चुकलेला निघाला तर काय?

एक अक्षर इकडेतिकडे असेल तर बहुधा जुन्या क्लार्कची टायपिंगची चूक असते, चोरी नसते. पण दुरुस्ती विकणाऱ्याने करायची, त्याच्या राज्यात, टायटल त्याच्या नावावर असताना. छाप आणि फोटो त्याला द्या, बऱ्याच ठिकाणी अधिकारी येऊन बोट बघतो आणि मग सुधारलेलं टायटल निघतं. वेळ लागतो. विकणारा म्हणेल "पेनाने नीट करून त्यावर सही करतो", तर हात जोडा. टायटलवर खाडाखोड किंवा व्हाइटनर लागला की ते टायटल खिडकीवर घेत नाहीत, मग डुप्लिकेट काढण्यापासून सगळं परत.

पाच-सहा अक्षरं वेगळी असतील तर ती टायपिंगची चूक नाही. ते टायटल दुसऱ्या बोटीचं आहे. नमस्कार करून निघा.

डॉक्युमेंटेड बोट असेल तर टायटलऐवजी कोस्ट गार्डचं सर्टिफिकेट ऑफ डॉक्युमेंटेशन असतं. त्यावरचा ऑफिशियल नंबर आतल्या कोरलेल्या नंबरशी जुळवा, आणि नॅशनल व्हेसल डॉक्युमेंटेशन सेंटरकडून ॲबस्ट्रॅक्ट ऑफ टायटल मागवा, त्यात आधीचे मालक आणि नोंदवलेली कर्जं दिसतात. हे सेंटर वेस्ट व्हर्जिनियात आहे आणि सरकारी आहे. त्याच्यासारख्याच दिसणाऱ्या खासगी साइट्स जास्तीचे पैसे लावून तेच फॉर्म भरून देतात, सर्चमध्ये वर पण त्याच येतात, तेव्हा पत्ता सरकारी आहे का बघून मगच कार्ड नंबर टाका.

टप्पा ७: चोरीची आणि कर्जाची चौकशी

चोरीच्या बोटींची नोंद एफबीआयच्या एनसीआयसी यंत्रणेत असते, तिच्यात बोटींची वेगळी फाइल आहे, पण ती फक्त पोलिसांना बघता येते. म्हणून पोलिसांच्या नॉन-इमर्जन्सी नंबरवर फोन करा किंवा शेरीफच्या ऑफिसात जा, एचआयएन द्या आणि बोट घेतोय, बघून सांगाल का असं विचारा. बहुतेक ठिकाणी मदत करतात. आपल्या लोकांना पोलिसांना फोन करायचा म्हटलं की अवघडायला होतं, पण हा अगदी साधा फोन आहे. रजिस्ट्रेशन नंबर देऊ नका, एचआयएनच द्या. मोटर महाग असेल तर तिचाही सीरियल सांगा, मोटरी बोटींपेक्षा सहज चोरीला जातात.

कर्जासाठी टायटलवर लीनहोल्डरचा, म्हणजे बोटीवर ज्याचं कर्ज आहे त्याचा, रकाना बघा. तिथे बँकेचं नाव असेल तर बँकेचं कर्ज फिटल्याचं पत्र पाहिजे, "हप्ते संपलेत" हे तोंडी चालत नाही. ज्या राज्यांत बोटीला टायटलच नाही तिथे सेक्रेटरी ऑफ स्टेटकडे विकणाऱ्याच्या नावाने यूसीसी नोंद (तारण ठेवून घेतलेल्या कर्जाची नोंद) शोधायची. बोटीवरचं कर्ज बोटीबरोबर येतं, माणसाबरोबर जात नाही.

टप्पा ८: बिल ऑफ सेल, सही, आणि मग पैसे

बिल ऑफ सेलवर (विक्रीच्या पावतीवर) एचआयएन तुमच्या उतरवलेल्या कागदावरून लिहा, सलग, मधे डॅश किंवा जागा न सोडता, मोठ्या अक्षरांत. शून्यात तिरकी रेघ मारायची सवय असेल तर इथे मारू नका, स्कॅनरला ती ८ वाटते. बोट, मोटर, ट्रेलर यांच्या किमती वेगवेगळ्या आणि प्रत्येकाचा नंबर त्याच्यासमोर. दोन्ही बाजूंच्या सह्या, तारीख. काही राज्यांत विकणाऱ्याची सही नोटरीसमोर लागते, ते आधी बघून ठेवा नाहीतर परत तेवढ्यासाठी ड्राइव्ह.

टायटलच्या मागे विकणाऱ्याची सही ज्याच्या नावावर टायटल आहे त्याचीच पाहिजे. दोन नावं असतील आणि मधे "अँड" असेल तर दोघांच्याही. भावाची बोट भाऊ विकतोय असं असेल तर पॉवर ऑफ ॲटर्नी मागा.

जमत असेल तर विकणाऱ्याला बरोबर घेऊनच खिडकीवर जा आणि तिथे व्यवहार पूर्ण करा. शनिवारी बऱ्याच ठिकाणी ऑफिस बंद असतं म्हणून लोक शनिवारी पैसे देऊन मोकळे होतात, एक दिवस सुट्टी काढलेली परवडली.

मुदती: फेडरल नियमानुसार बोट दुसऱ्याकडे गेल्याचं विकणाऱ्याने १५ दिवसांत राज्याला कळवायचं असतं. घेणाऱ्याची मुदत राज्यावर, फ्लोरिडात आणि कॅलिफोर्नियात ३० दिवस. जुन्या मालकाचं रजिस्ट्रेशन कार्ड मालकी बदलली की रद्द होतं, त्यामुळे "स्टिकर अजून चालू आहे" म्हणून पाण्यात बोट घालू नका.

नंबरच नाहीये, मग?

१९७२ च्या आधीची बोट असेल तर नंबर नसणं साहजिक आहे, राज्य तपासणी करून देतं. घरी बनवलेली असेल तरी तेच, तिथे लाकूड, फायबरग्लास वगैरेच्या पावत्या विचारतात, म्हणून विकणाऱ्याकडून त्या घ्या. तपासणी कोण करतं हे राज्यावर आहे, कुठे गेम वॉर्डन, कुठे शेरीफचा माणूस, कुठे डीएमव्हीचाच कर्मचारी.

पण १९८४ नंतरची कंपनीची बोट आणि नंबर नाही, तर हे सगळं विकणाऱ्याने आधी करायचं. "स्वस्तात देतो, तुम्ही बघून घ्या" ही ऑफर ज्यांनी घेतली त्यांच्या बोटी महिनोन्महिने ट्रेलरवर उभ्या राहिलेल्या बघितल्यात. स्वस्त यासाठीच असते ती.

नवीन टायटल पोस्टाने आलं की पाकीट फोडून लगेच फाइलमध्ये टाकू नका. टॉर्च घेऊन बोटीशी जा आणि त्यावरचा नंबर पुन्हा हलशी जुळवा, कारण या वेळी टाइप तुमच्या खिडकीवरच्या क्लार्कने केलंय, आणि चूक आत्ता निघाली तर एका फॉर्ममध्ये सुटते.